जानेवारीच्या १६ तारखेचा शिमगा पुरे

वाचकहो, दर साल जानेवारीची १६ तारीख जवळ आली की आपल्या मंडळींना हटकून एक आकडा आठवतो. विलीनीकरणाच्या बाजूने १,३८,१७०, विरुद्ध १,७२,१९१. वजाबाकी ३४,०२१. ही वजाबाकी आपण १९६७ पासून करीत आलो आहोत. उत्तर दर वेळी तेच येते आणि दर वेळी आपल्याला नव्याने वाईट वाटते. मग कोणी सांगतो, दिल्लीने दगा दिला. दुसरा म्हणतो, बांदोडकरांनी कौलाआधी राजीनामा द्यायलाच नको होता. तिसरा कोणत्या तालुक्यात किती मते फुटली ते बोटांवर मोजून दाखवतो. चहा होतो, भजी होतात, मंडळी उठतात. आणि घरी गेल्यावर सोप्यावर बसून नातवाचा इंग्रजीतला गृहपाठ घेतात.

रागावू नका. मीही त्या भज्यांना हजर असतो.

पण या वर्षी ती वजाबाकी बाजूला ठेवा आणि वेगळा हिशेब मांडा. जनमत कौल एका दिवसात झाला. त्या दिवशी रांगेत उभा राहिलेला माणूस मात्र एका दिवसात तयार झालेला नव्हता. कोणी त्याला अक्षर शिकवले, कोणत्या भाषेत शिकवले, वर्तमानपत्र कोणी हातात दिले, जमिनीचा कागद कोणी वाचून दाखवला, या साऱ्यांतून तो माणूस घडला होता. समाज बदलतो तो घोषणांनी नव्हे, संस्थांनी बदलतो. आणि संस्था चालते ती ज्ञानावर. हे आपल्याला कोणी नवे सांगायला नको होते. ज्यांनी आपल्यावर साडेचारशे वर्षे राज्य केले त्या पाखल्यांना हे पुरते ठाऊक होते.

आशियातला पहिला छापखाना १५५६ साली गोव्यात आला. आपण ही गोष्ट अभिमानाने सांगतो, पण तो कोणाचा होता आणि कशासाठी होता हे सांगायला विसरतो. तो होता धर्मप्रसारकांचा. त्यांना लोकांपर्यंत पोहोचायचे होते आणि लोकांपर्यंत पोहोचायचे तर लोकांची भाषा हवी, म्हणून फादर स्टीफन्ससारखा इंग्रज पाद्री इथे येऊन आपली भाषा शिकला. त्याचे ख्रिस्तपुराण १६१६ साली रायतूरला छापले गेले, ते मराठी ओव्यांत. (त्याच माणसाने कोकणीचे व्याकरणही लिहिले. दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत. आपली बाजू पहिली सांगते, समोरची बाजू दुसरी सांगते.) पण गरज सरली तेव्हा काय झाले? १६८४ साली विजरईने फर्मान काढले की लोकांनी तीन वर्षांत आपली बोली टाकून पोर्तुगीज बोलावे. ज्या भाषेत पुराण छापले होते ती अडचण ठरली. फर्मानाने बोली मेली नाही, हे खरे. पण तिच्यातले छापील ज्ञान मेले. पुढे जवळजवळ दोन शतके इथल्या माणसाला आपल्या भाषेत छापलेला कागद क्वचितच मिळाला. तलवार मान कापते आणि दिसते. हे दिसत नाही, म्हणून त्याचे कोणी स्मारक बांधत नाही.

एकोणिसाव्या शतकात पाखल्यांनी शहाणपणाने दुसरी वाट धरली. १८३२ साली पणजीत सार्वजनिक ग्रंथालय निघाले, १८४२ साली वैद्यकीय शाळा, १८५४ साली लिसेव. या संस्था वाईट होत्या असे म्हणणारा खोटारडा ठरेल. वैद्यकीय शाळेतून निघालेले डॉक्टर आफ्रिकेपर्यंत पोर्तुगीज वसाहतींत गेले. पण त्या दारावर एक अदृश्य पाटी होती: पोर्तुगीज येत असेल त्याने आत यावे. कोणाला मुद्दाम हाकलावे लागत नव्हते. जुन्या काबिजातीतल्या भाटकाराचा मुलगा आपोआप आत जाई आणि सत्तरीच्या कुळाचा मुलगा आपोआप बाहेर राही. संस्थेची ताकद ही अशी. तिला हातात काठी घ्यावी लागत नाही.

आणि ही पाटी अजून उतरलेली नाही, हे ध्यानात घ्या. आपल्याकडे आजही वारसाचे कायदे चालतात ते मुळात १८६७ च्या पोर्तुगीज नागरी कायद्यातून आलेले. देवळांच्या महाजनकीचा कायदाही त्याच काळातला. जुनी दस्तावेजे पोर्तुगीजमध्ये आहेत. तुमच्या आजोबांच्या नावाचे भाट असेल, त्याचा जुना कागद तुमच्या कपाटात असेल, पण तो तुम्हांला वाचता येतो का? ज्याला वाचता येतो त्याच्याकडे तुम्ही पैसे देऊन जाता आणि तो जे सांगेल त्यावर मान हलवता. पाखले १९६१ च्या डिसेंबरात गेले. त्यांचा कागद अजून तुमच्यावर राज्य करतो आहे.

आता आपल्या बाजूचे सांगतो.

१९१० साली पोर्तुगालमध्ये राजेशाही कोसळली, प्रजासत्ताक आले, आणि हिंदूंना समान हक्क मिळाले. कायद्यात मिळाले. कायदा कागदावर असतो. तो वापरायचा तर वाचता यायला हवे, अर्ज करता यायला हवा, हाफिसात ताठ उभे राहता यायला हवे. आपल्या पूर्वजांनी इथे जे केले ते विलीनीकरणवाद्यांनी दर आठवड्याला आठवावे अशा तोलाचे आहे. पणजीतली मुष्टिफंड संस्था १९०८ सालची, म्हणजे हक्क मिळण्याच्याही आधीची. नावाचा अर्थ माहीत आहे ना? घरोघरच्या बाईने रोजचा भात रांधायला घेताना मूठभर तांदूळ वेगळा काढायचा. त्या मुठींच्या ढिगावर शाळा. सरकारी अनुदान नाही, दिल्लीला शिष्टमंडळ नाही, मंत्र्याच्या हस्ते कोनशिला नाही. १९११ साली फोंड्याला गोवा विद्याप्रसारक मंडळ उभे राहिले. गावोगाव देवळाच्या अग्रशाळेत, कोणाच्या पडवीत, मिळेल त्या छपराखाली मराठी वर्ग निघाले. कोकणातून, मालवण-वेंगुर्ल्याकडून पंतोजी आले. त्यांना पगार केवढा आणि तो किती महिने थकत असे, याच्या गोष्टी जुन्या घरांत अजून ऐकायला मिळतात. मुंबईत गेलेल्या गोवेकरांनी १९१९ साली गोवा हिंदु असोसिएशन काढली.

ती मूठ तांदळाची होती, पण तिच्यात एक हिशेब होता. ज्या घरात स्वतःला पुरेसे नाही त्या घरातूनही मूठ यायची, आणि म्हणून शाळेवर त्या घराचाही हक्क राहायचा. अनुदानावर चालणारी शाळा सरकारची असते. मुठीवर चालणारी शाळा गावाची असते. हा फरक आपण पुढे विसरलो, त्याकडे येतोच.

आधी दुसरे एक सांगायला हवे, कारण आपल्यातले काही जण ते सोयीस्करपणे वगळतात. या शाळा सगळ्यांसाठी सारख्या उघड्या होत्या काय? नव्हत्या. पडवीतला वर्ग ज्याच्या पडवीत भरे त्याच्या सोवळ्याओवळ्याने चाले. कोण आत बसेल, कोण उंबऱ्यावर बसेल आणि कोण येणारच नाही, हे ठरलेले असे. मराठीने आपोआप समता आणली, हे बोलणे पोकळ आहे. समता आणली ती ज्यांनी मराठीचे अक्षर हातात घेऊन स्वतःच्या समाजाची संस्था बांधली त्यांनी.

देवळाच्या चाकरीशी जन्माने बांधलेल्या समाजाची हकीकत यात पहिली. त्या घरांतल्या मुलींचे आयुष्य त्या जन्मायच्या आधीच ठरलेले असे. कला त्यांच्याकडे होती, केसरबाई आणि मोगूबाई याच मातीतल्या. पण कलेला टाळी मिळत होती, माणसाला मान मिळत नव्हता. राजाराम पैंगीणकरांसारख्या माणसांनी ठरवले की हे बदलायचे, आणि बदलायचे ते कोणाच्या पाया पडून नव्हे. समाजाची संघटना बांधली. घरोघर जाऊन सांगितले की मुलगी देवळाला वाहू नका, मुलांना शाळेत पाठवा, लग्ने लावा. शिक्षणाला मदत उभी केली. पैंगीणकरांनी पुढे आपले आत्मचरित्र लिहिले, त्याचे नाव 'मी कोण?'. दोन शब्दांचा प्रश्न. पण तो विचारता येण्यासाठी आधी लिहिता यावे लागले. दोन पिढ्यांत तो समाज डॉक्टर, शिक्षक, लेखक, अधिकारी यांनी भरला, आणि गोव्याचा पहिला मुख्यमंत्री याच गोमंतक मराठा समाजातून आला. एका संस्थेने आणि अक्षराने काय घडते याचा याहून मोठा दाखला मला गोमंतकात दुसरा दिसत नाही.

भाऊसाहेब बांदोडकर २० डिसेंबर १९६३ ला मुख्यमंत्री झाले ते हा धडा घेऊनच. त्यांनी काय केले? खेडोपाडी प्राथमिक शाळा उघडल्या. इमारत नाही तर देऊळ, देऊळ नाही तर मांडव. शिक्षक कमी पडले तर कोकणातून आणि बेळगावकडून आले. १९६१ च्या शिरगणतीत गोव्यात दहांतले फार तर तीन-सव्वातीन लोक साक्षर होते; २०११ मध्ये शंभरातले ८८ च्या वर. १९६४ साली कूळ कायदा आला. ज्या बाकावर भाटकाराचा मुलगा त्याच बाकावर मुंडकाराचा, हे दृश्य पेडणे, डिचोली, सत्तरी, काणकोण इथल्या लोकांनी आयुष्यात पहिल्यांदा पाहिले. तुम्ही म्हणाल, हे सगळे ठाऊक आहे. ठाऊक असेल, पण त्याचा अर्थ कळला आहे काय? तर मग हे सांगा: जानेवारी १९६७ मध्ये ज्या गोमंतकाने विलीनीकरण नाकारले त्याच गोमंतकाने तीन महिन्यांच्या आत बांदोडकरांना पुन्हा निवडून कसे दिले?

माझे उत्तर असे. लोकांनी शाळेला आणि जमिनीला मत दिले होते. नकाशाला दिलेच नव्हते. आपण शाळेला मिळालेले मत नकाशाचे म्हणून मोजत बसलो. ज्या घरी शाळा पोहोचली होती तिथे मराठी म्हणजे मुलाचे पुस्तक होते. जिथे पोहोचली नव्हती तिथे मराठी म्हणजे डेप्युटेशनवर आलेला, खुर्चीत मागे रेलून बोलणारा अधिकारी होता. त्या माणसाला आपण दोन पाने सोडून फुलावर शिक्का मार म्हणून सांगितले, आणि त्याने तो मारला नाही याचे आश्चर्य करीत बसलो.

आणि समोरच्यांनी काय केले पाहा. १९६३ साली मडगावहून 'राष्ट्रमत' निघाले. विलीनीकरणाविरुद्धचा सगळा दारूगोळा त्यात रोज छापून येई. उदय भेंब्रे यांचे 'ब्रह्मास्त्र' त्यातच. कोणत्या भाषेत? मराठीत! आपल्या शाळांनी जो वाचक घडवला त्याच्याचपर्यंत, आपल्याच भाषेत, ते आपल्याविरुद्ध पोहोचले. आपल्याकडे 'गोमन्तक' होते, १९६२ पासून होते. पण आपल्याला वाटले की मराठी वाचणारा माणूस आपलाच. भाषा शिकवली की मत आपोआप मिळते ही आपली समजूत. ज्ञानाला मालक नसतो हे आपल्याला कळले नाही.

शणै गोंयबाबांची आपल्या सभांतून अजून टिंगल होते. मला ती ऐकवत नाही. मुंबईत राहून एकट्या माणसाने कोकणीत पुस्तकामागून पुस्तक लिहिले. १९४६ साली गेले तेव्हा पाठीशी ना सरकार, ना पक्ष. पण पुस्तके मागे राहिली. त्या पुस्तकांवर १९६२ मध्ये कोकणी भाषा मंडळ उभे राहिले, १९७५ मध्ये साहित्य अकादेमीची मान्यता आली, १९८७ मध्ये राजभाषा कायदा आला, १९९२ मध्ये आठवी अनुसूची. पायरीवर पायरी. त्यांचे मत मला पटत नाही, आजही नाही. पण एका माणसाची पुस्तके विरुद्ध आपले हजारोंचे मोर्चे, हा सामना कोणी जिंकला ते सांगायला नको.

त्याच वर्षांत आपल्या पायांखालची एकेक फळी कशी निघत गेली तेही सांगतो. मुक्तीनंतर आपली मुले शालान्त परीक्षा महाराष्ट्राच्या मंडळाची देत. १९७५ साली गोव्याचे स्वतःचे मंडळ झाले. आपली कॉलेजे मुंबई विद्यापीठाची. १९८५ साली गोवा विद्यापीठ सुरू झाले. राज्याला स्वतःचे मंडळ आणि विद्यापीठ असावे यात गैर काहीच नाही. पण परीक्षा एक, पाठ्यपुस्तक एक, पदवी एक, हेच तर खरे विलीनीकरण होते. ते आपल्या हातात होते आणि ते सुटत असताना आपण नकाशावरच्या रेघेवर भाषणे करीत होतो. आपल्यापैकी किती जणांनी त्या वेळी मागणी केली की मंडळ वेगळे असो, पण मराठीची पुस्तके, शिक्षकांचे प्रशिक्षण आणि परिभाषा एक राहू द्या? एक न्यायालय तेवढे राहिले आहे. मुंबई उच्च न्यायालयाचे खंडपीठ १९८२ पासून गोव्यात आहे, आणि गोव्याचा माणूस न्याय मागतो तो अजून मुंबईच्या नावाने. ते आपण मोर्चा काढून मिळवलेले नाही.

मग १९९० आले. सरकारने ठरवले की अनुदान हवे तर प्राथमिक शिक्षण कोकणीत किंवा मराठीत द्या. शशिकलाताई काकोडकर तेव्हा शिक्षणमंत्री होत्या. कोकणीवाले आणि आपण या एका बाबतीत एका बाजूला होतो, असा दुर्मीळ योग. २०११ मध्ये इंग्रजी प्राथमिक शाळांनाही अनुदान देण्याचा निर्णय झाला. आपण पेटून उठलो. मीही घसा बसेपर्यंत ओरडलो. २०१२ मध्ये सरकार बदलले, निर्णय तिथेच राहिला, आपण पुन्हा ओरडलो. त्या सभांत व्यासपीठावर बसलेल्यांची नातवंडे कोणत्या शाळेत जात होती, हा प्रश्न तेव्हा विचारायचा नसे. आज विचारतो. वाचकहो, तुमची कोणत्या शाळेत जातात?

तुमचे उत्तर मला पाठ आहे. इंग्रजीशिवाय पोट भरत नाही. मान्य. विज्ञानाची पुस्तके मराठीत नाहीत. अर्धे मान्य, आहेत ती वाचायला कोण जातो? सरकारी शाळेत चार इयत्तांना एक शिक्षक. हे पूर्ण मान्य, आणि याच्याविरुद्ध तुम्ही कधी पालकसभेत उभे राहिलात ते मला सांगा. इंग्रजी शिकवू नका असे कोणी म्हणत नाही. इंग्रजी चांगले शिकवणारी मराठी शाळा आपण का काढली नाही, एवढेच विचारतो आहे. मुष्टिफंडाच्या बायकांना हा प्रश्न पडला असता तर त्यांनी तांदूळ काढून ठेवले असते.

आणि आता ही थट्टा पाहा. पटसंख्या नाही म्हणून भाऊसाहेबांच्या काळातल्या शाळा एकेक करून बंद पडत गेल्या. २०२२ मध्ये सरकारने कमी पटाच्या शाळा एकमेकींत मिळवण्याची कल्पना काढली. तिला वर्तमानपत्रांत नाव काय पडले? शाळांचे विलीनीकरण! जो शब्द आपण आयुष्यभर उराशी धरला तो अखेर गोमंतकात सरकारदरबारी पोहोचला, तो असा.

महाराष्ट्राकडूनही फार आशा धरू नका. मुंबईला गोवा आठवतो तो सुट्टीत. ३ ऑक्टोबर २०२४ ला मराठीला अभिजात भाषेचा दर्जा मिळाला, पेढे इथेही वाटले गेले. पण महाराष्ट्रातल्याच मराठी शाळा गळत आहेत, तिथे आपली काय कथा. पणजीच्या ज्या ग्रंथालयाचा उल्लेख वर केला त्याला आज कृष्णदास शामांचे नाव आहे. १५२६ साली मराठीत श्रीकृष्णचरित्रकथा लिहायला घेणारा हा केळोशीचा माणूस. तिथे जाऊन मराठीच्या कपाटापाशी तासभर उभे राहा आणि पुस्तक मागायला कोण येते ते बघा.

आपल्या मस्तकपट्टीवरचा शब्द काढा असे मी म्हणत नाही. १९८७ च्या ३० मे रोजी गोवा घटक राज्य झाले. त्यानंतरही आपण हा शब्द ठेवला तो हट्टाने, आणि हट्ट वाईट नाही. राजभाषा कायद्यात मराठीला कोकणीच्या बरोबरीने जागा हवी ही मागणीही सोडायची नाही. पण सरकारी कागदावर उद्या मराठी आली आणि तो कागद वाचणारे मूल गावात उरले नाही, तर ती मराठी पाखल्यांच्या दस्तावेजासारखी होईल: पैसे देऊन वाचून घेण्याची.

म्हणून या वर्षी १६ जानेवारीला सभा घेऊ नका. भजी करायचीच तर शाळेत करा. आपल्या वाड्यावरच्या मराठी शाळेत जा, पहिलीच्या पटावर किती नावे आहेत ती मोजा, शिक्षक किती, पुस्तके किती, छप्पर गळते काय ते पाहा. गावातल्या पाच जणांनी मिळून शाळेला इंग्रजीचा एक चांगला शिक्षक ठेवता येईल काय, त्याला महिन्याला किती लागतील, कोण किती देईल, याची चिठ्ठी करा. निवृत्त शिक्षक घरोघर आहेत. त्यांतला एक आठवड्यातून दोन दुपारी विज्ञान शिकवायला मिळतो का ते विचारा. ज्यांना मोडी येते, जुनी पोर्तुगीज येते, अशा म्हाताऱ्यांकडे दोन पोरे बसवा, तोवर ते आहेत. आणि ती चिठ्ठी आमच्याकडे पाठवा. पुढल्या अंकापासून या पानावर ३४,०२१ चा आकडा छापणार नाही. गावाचे नाव आणि पहिलीचा पट छापू. एखाद्या गावाचा पट शून्य असेल तर शून्यच छापू, आणि त्या गावातून या साप्ताहिकाचे किती वर्गणीदार आहेत तोही आकडा शेजारी देऊ.